साथीदार : मॅग्नस ओस्त्रोम

ज्याच्याविषयी लिहावयाचे त्याचे नावच मला नीट उच्चारता येत नाही, ही कबुली आरंभीच देऊन टाकतो. स्वीडिश लिपीत त्याच्या आडनावातल्या दोन्ही ‘ओ’वर दोन-दोन टिंबे आहेत आणि त्या टिंबांचा उच्चार आपल्या बाराखडीत कोठेच बसत नाही. तेव्हा मी ‘ओस्त्रोम’ असे लिहितो. स्वीडिश जाणणाऱ्या वाचकाने (आमच्या महाविद्यालयात असा कोणी असलाच तर) क्षमा करावी. मॅग्नस ओस्त्रोम हा स्वीडनमधील एक जाझ ड्रमवादक. जन्म 3 मे 1965. त्याला मी पाहिलेले नाही, जाझची मैफल तर आयुष्यात कधी ऐकलेली नाही. मी तबला शिकतो, तोही परीक्षेपुरता, आणि माझे सारे ऐकणे गणेशोत्सव, काकडआरती आणि रेडिओ यांत झालेले. असे असता या माणसावर लेख लिहिण्याचे कारण काय, ते ओघात येईलच.

दोन वर्षांपूर्वीच्या पावसाळ्यात वसतिगृहातील माझा खोलीमित्र रात्री मोबाइलवर काहीतरी ऐकत पडला होता. वीज गेलेली. पियानोचे चार-सहा स्वर, मग बराच वेळ काही नाही, मग पुन्हा तेच स्वर. आणि त्या स्वरांच्या खाली काहीतरी सरपटत होते. केरसुणीने अंगण झाडल्यासारखा आवाज, पण लयीत. मी विचारले, “हे खाली काय वाजते आहे?” तो म्हणाला, “ड्रम असणार.” मला खरे वाटेना. ड्रम म्हटला की वरातीतला बँड डोळ्यांसमोर येतो. त्या तुकड्याचे नाव ‘फ्रॉम गागारिन्स पॉइंट ऑफ व्ह्यू’, म्हणजे ‘गागारीनच्या नजरेतून’. 1961 साली 108 मिनिटांत पृथ्वीप्रदक्षिणा करून आलेला युरी गागारीन आपल्याला शाळेच्या पुस्तकातून माहीत असतो. त्याला वरून पृथ्वी कशी दिसली असेल, ते या तिघा स्वीडिश वादकांनी 1999 साली वाजवून पाहिले. तिघांपैकी खाली केरसुणी फिरवणारा, तो ओस्त्रोम.

ती खरोखरच एक प्रकारची केरसुणी असते, हे मला मागाहून कळले. बारीक तारांचा पंखा मुठीत धरावयाचा आणि ड्रमच्या पानावर घासत फिरवावयाचा. त्यांच्याकडे याला ब्रश म्हणतात. येथे ड्रमसेटविषयी थोडे सांगितले पाहिजे, कारण तबलेवाल्याला तो पहिल्यांदा दिसतो तेव्हा एखाद्या भांड्यांच्या दुकानासारखा वाटतो. मोठा ड्रम आडवा ठेवलेला, तो उजव्या पायाने वाजवायचा. डाव्या पायाखाली दोन झांजा एकमेकींवर बसविलेल्या, त्या उघडमीट करायच्या. समोर एक बसका ड्रम, त्याच्या पोटाला तारा ताणलेल्या, म्हणून तो झणझणतो. आणखी दोन-तीन ड्रम, वर टांगलेल्या झांजा. आपले दोन हात आणि दहा बोटे. त्याचे दोन हात आणि दोन पाय, आणि चौघांनी चार वेगळी कामे करावयाची. जुन्या जाझमध्ये ठेका असतो तो उजव्या हाताकडच्या मोठ्या झांजेवर. ती झांज वाजत राहिली म्हणजे बाकीच्यांना सम कोठे आहे ते कळते. बाकीचे अवयव मग गवयाला, म्हणजे तेथे पियानोवाल्याला किंवा सॅक्सोफोनवाल्याला, उत्तरे देण्यास मोकळे. एवढे समजले की जाझ फारसे परके राहत नाही. ठेका धरणे आणि संधी मिळताच दोन शब्द बोलणे, हेच तर आपणही करतो.

ओस्त्रोम वाढला स्कुल्तुना नावाच्या गावात. स्टॉकहोमच्या पश्चिमेस सुमारे शंभर किलोमीटरवर वेस्तरोस शहर आहे, त्याच्याजवळचे हे गाव. गावाची प्रसिद्धी पितळेसाठी. 1607 साली तेथल्या राजाने पितळेचा कारखाना घातला आणि त्या नावाने आजही मेणबत्तीची घरे आणि शोभेच्या वस्तू घडतात. चारशे वर्षे धातू ठोकणाऱ्या गावातून झांजा वाजवणारा निघावा, याचे मला उगीचच बरे वाटले. याच गावात त्याच्याहून वर्षभराने मोठा एक मुलगा होता, एस्बियोर्न स्वेन्सन. आई पियानो वाजविणारी, वडिलांना जाझचे वेड. ही दोन पोरे लहानपणीच एकत्र वाजवू लागली. एक पेटीवर (पियानोला मी मनातल्या मनात पेटीच म्हणतो), दुसरा ड्रमवर. शाळकरी वयात जमलेली ही जोडी पुढे तीस-पस्तीस वर्षे टिकली.

ऐंशीच्या दशकात दोघेही स्वीडन-डेन्मार्ककडच्या निरनिराळ्या वाद्यवृंदांत इतरांच्या साथीला बसत. 1990 मध्ये त्यांनी स्वतःचा त्रिकूट-वृंद काढला. तिसरा जोडीदार डान बर्ग्लुंड हा 1993 साली आला. मोठे, उभे धरून वाजवावयाचे तंतुवाद्य असते, डबल बेस, ते तो वाजवी; शिक्षण अभिजात संगीताचे आणि मन रॉकमध्ये. त्याच वर्षी पहिली तबकडी निघाली. 1996 मध्ये अमेरिकन पियानोवादक थेलोनियस मंक याच्या रचनांची एक, 1997 मध्ये ‘विंटर इन व्हेनिस’. स्वीडनमध्ये नाव झाले. बाहेर मात्र कोणी विचारीत नव्हते. ते दार ‘गागारीन’ने उघडले, 1999 मध्ये, ती तबकडी जर्मनीतील ‘अ‍ॅक्ट’ या कंपनीने युरोपभर नेल्यावर.

मध्येच एक गोष्ट सांगतो, कारण तिच्यावाचून ओस्त्रोमचे वेगळेपण कळत नाही. स्वीडनमध्ये जाझची सर्वांत अधिक खपलेली तबकडी 1964 सालची आहे. यान योहान्सन या पियानोवादकाने आपल्या देशातील लोकगीते घेतली आणि अगदी शांतपणे, एकेक स्वर निवडून वाजविली. सोबतीला फक्त डबल बेस. त्या तबकडीत ड्रम नाही! म्हणजे ज्या देशाच्या घराघरांत जाझ पोहोचले, ते ड्रमवाल्याला बाहेर बसवून पोहोचले. योहान्सन 1968 साली मोटार-अपघातात गेला, अवघ्या सदतिसाव्या वर्षी. पण त्याने स्वीडिश कानाला एक सवय लावून ठेवली : जाझमध्येही हिवाळ्यातल्या खोलीसारखी शांतता असू शकते. स्वेन्सनच्या पियानोत ही शांतता पुरेपूर उतरलेली आहे. आता अशा पियानोला ड्रमची साथ करावयाची कशी? जोरात वाजविले तर शांतता मोडते. हळू वाजविले तर ड्रमवाला असून नसल्यासारखा.

ओस्त्रोमने यावर जो तोडगा काढला तो ऐकून मी थक्क झालो. तो हळू वाजवतो, पण संथ वाजवत नाही. पियानो विलंबितात रेंगाळत असतो आणि याच्या हाताखाली बारीक, जलद, दुगुन-चौगुनीचे विणकाम चाललेले असते, तेही अशा आवाजात की शेजारच्या खोलीतील माणसाला ऐकू जाऊ नये. नव्वदच्या दशकात युरोपातील नाचघरांत यंत्रावर बनविलेले फार जलद ठेके वाजत असत. ते त्याने यंत्राकडून काढून घेतले आणि हाताने, ब्रशने वाजवून दाखविले. ‘डॉज द डोडो’ नावाचा त्यांचा एक तुकडा आहे, तोही 1999 चाच. त्यात जुन्या जाझची डुलती झांज जवळजवळ नाहीच. ठेका सरळ, कापल्यासारखा, आजच्या पोरांना पाय हलवायला लावणारा. जुन्या जाणकारांपैकी काहींना हे रुचले नाही. हे जाझ नव्हे, रॉक आहे, असे ते म्हणत. म्हणोत बापडे. आपल्याकडेही लग्गी वाजू लागली की नाक मुरडणारे असतातच.

माझे गुरुजी सांगत, उत्तम साथ ती की जी मैफल संपल्यावर आठवत नाही, नुसते गाणे चांगले झाल्याचे आठवते. मी हे वाक्य वर्षानुवर्षे प्रमाण मानले. ओस्त्रोम ऐकल्यावर त्यात मला एक खोट दिसू लागली. त्याचे वाजवणे आठवत राहते, आणि तरीही ते पियानोच्या आड येत नाही. तो उत्तरे देत नाही, तर जागा तयार करतो. पियानोवाला पुढच्या क्षणी कोठे पाऊल टाकणार हे त्याला आधीच ठाऊक असल्यासारखा तेथे सतरंजी घालून ठेवतो. असे दुसऱ्याच्या मनातले ओळखणे रियाजाने येत नाही. त्यासाठी लहानपणापासून एकत्र वाजवावे लागते. या वृंदाचे नाव आरंभी ‘एस्बियोर्न स्वेन्सन ट्रिओ’ असे पियानोवाल्याच्या नावाने होते. पुढे त्यांनी ते आखडून नुसती तीन लहान अक्षरे ठेवली, ई. एस. टी. (आपल्याकडे एस. टी. म्हटले की लाल गाडी आठवते, त्याला इलाज नाही.) नावातला मालक त्या अक्षरांत विरघळला. नंतरच्या तबकड्यांवर तर संगीतकार म्हणून तिघांचीही नावे एकत्र येतात.

पुढची काही वर्षे भराभर सांगतो, कारण यशाच्या हकिकती सगळ्यांच्या सारख्याच असतात. 2002, 2003, 2005, 2006 : दर वर्षा-दोन वर्षांनी एक तबकडी, मध्ये अखंड दौरे. त्यांच्या कार्यक्रमांत धूर असे, रंगीत प्रकाश असे, आणि रॉकच्या गर्दीतली तरुण मुले जाझ ऐकायला येऊन बसत. ध्वनियंत्रणा सांभाळणारा ओके लिंटन याला लोक चौथा वादकच समजत. 2003 साली जर्मनीतील एका महोत्सवात अमेरिकन गिटारवादक पॅट मेथेनी त्यांच्याबरोबर वाजवून गेला. मे 2006 मध्ये ‘डाउनबीट’ या अमेरिकन जाझ मासिकाने त्यांना मुखपृष्ठावर घेतले; युरोपातील वृंदाला तो मान पहिल्यांदाच मिळत होता. जाझच्या माहेरी सासरच्या सुनेचे कौतुक व्हावे, तसेच हे.

जानेवारी 2007 मध्ये दौऱ्यावर असताना सिडनीत तिघे एका ध्वनिमुद्रणगृहात शिरले. आधी लिहिलेले, ठरविलेले काही नव्हते. दोन दिवस नुसते वाजवीत सुटले. त्यातून ‘ल्यूकोसाइट’ ही तबकडी तयार झाली, आधीच्या सर्वांहून खडबडीत आणि गडद. तिच्यात एका जागी पूर्ण एक मिनिट काहीही वाजत नाही. एक मिनिट शांतता, आणि तिलाही स्वतंत्र नाव दिलेले आहे.

तबकडी बाजारात येण्यापूर्वी, 14 जून 2008 रोजी, एस्बियोर्न स्वेन्सन गेला. स्टॉकहोमच्या बाहेर समुद्रात असंख्य लहान-लहान बेटे आहेत. तेथे पाण्याखाली पोहत असताना अपघात झाला. वय 44. सप्टेंबरमध्ये ‘ल्यूकोसाइट’ आली, तेव्हा तिच्यातील लॅटिन उपशीर्षकांत ‘मृत्यूकडे’ हा शब्द पाहून लोकांना वाटले, की त्याला आधीच चाहूल लागली होती. मला असले अर्थ काढणे आवडत नाही. दीड वर्ष आधी तीन धडधाकट माणसांनी मजेत वाजविलेले ते संगीत आहे. मात्र ते शांततेचे मिनिट मी आता पूर्वीसारखे ऐकू शकत नाही, हेही खरे.

बर्ग्लुंडने 2010 मध्ये आपला नवा वृंद पुढे आणला. ओस्त्रोमची स्वतःच्या नावाची तबकडी मात्र यायला तीन वर्षे लागली. या तीन वर्षांपाशी मी अडकलो.

आमच्या गावच्या भजनी मंडळात माझे वडील तबल्याला बसत. पेटीवर जे काका असत, ते त्यांचे बिगारीपासूनचे सोबती. दर गुरुवारी देवळात ही जोडी ठरलेली. अण्णांना पेटीकडे पाहावेही लागत नसे. काकांनी भाता ओढला की यांचा हात पडलाच. तीन वर्षांपूर्वी काका गेले. मंडळात दुसरा पेटीवाला आला, चांगला वाजवतो, शिकलेला आहे. अण्णा दोन गुरुवार गेले आणि मग गुडघे दुखतात म्हणू लागले. तबला-डग्गा खोळीत घालून माळ्यावर गेला. मी सुटीत घरी आलो की रियाजाला माझा वेगळा जोड काढतो. तो माळ्यावरचा खाली घेण्याची छाती होत नाही. गुडघ्यांना काहीही झालेले नाही, हे आईलाही ठाऊक आहे.

म्हणून मला कुतूहल होते, की साथीदार एकटा उरला म्हणजे काय करतो?

एकल तबलावादनात आपल्याकडे एक उलटापालट होते. एरवी पेटीवाला स्वर फुलवतो आणि तबलेवाला ठेका धरतो. एकल वादनात पेटीवाला तीच एक ओळ आवर्तनामागून आवर्तन वाजवत राहतो. त्याला लेहरा म्हणतात. म्हणजे तो काळ मोजतो आणि तबलेवाला बोलतो. पण लेहरा धरायलाही कोणीतरी लागतेच. ज्याच्यासाठी आयुष्यभर ठेका धरला, तो नसताना आपला लेहरा कोण धरणार?

2011 साली आलेल्या ओस्त्रोमच्या तबकडीचे नाव ‘थ्रेड ऑफ लाइफ’, जीवनाचा धागा. तीत त्याने ड्रमचे प्रताप दाखविले असतील असे वाटले होते, तसे नाही. त्याने गाणी रचली. गिटार, कळफलक-वाद्ये, बेस अशी माणसे गोळा केली आणि आपण पुन्हा मागे बसला. एका तुकड्याचे नाव सरळसरळ ‘मृत्यूचे ओझे’ असे आहे. दुसरा आहे ‘बॅलड फॉर ई’. हा ‘ई’ कोण, ते सांगावयास नकोच. त्यात बेस वाजवायला बर्ग्लुंड आला आणि गिटार वाजवायला पॅट मेथेनी. मी तो तुकडा किती वेळा ऐकला असेन, सांगता येत नाही. त्यात आक्रोश नाही. ड्रम तर इतका कमी आहे की मोजून दाखविता येईल. पण तेथेही त्याची ती जुनी खोड जात नाही. कोणीतरी पाऊल टाकणार आहे अशा बेताने तो जागा करून ठेवतो.

त्यानंतर 2013 मध्ये ‘सर्चिंग फॉर ज्युपिटर’, 2016 मध्ये ‘पॅराशूट’. प्रामाणिकपणे सांगायचे तर या दोन्ही मला थोड्या गुळगुळीत वाटतात. चाली गोड आहेत, वाजवणारे तयार आहेत. पण भांडायला कोणी नाही. जुन्या त्रिकुटात एक ताण असे. पियानो एकीकडे ओढी, बेस दुसरीकडे, आणि ओस्त्रोम दोरीवर चाले. येथे जमीन सपाट आहे. 2016 मध्येच ई. एस. टी.च्या रचनांची मोठ्या वाद्यमेळासाठी केलेली मांडणीही ध्वनिमुद्रित झाली. तीत तो आणि बर्ग्लुंड आपापल्या जागी आहेत, आणि पियानोच्या बाकावर फिनलंडचा ईरो रांताला. रचना त्याच, सम तीच, माणूस दुसरा. त्या वेळी ओस्त्रोमच्या मनात काय झाले असेल, हे मी अण्णांकडे पाहून ताडतो.

2022 साली आणखी एक तबकडी निघाली. स्वेन्सनने मृत्यूपूर्वी काही आठवडे, आपल्या घराच्या तळघरात, एकट्याने पियानो वाजवून ध्वनिमुद्रण करून ठेवले होते. ते त्याच्या पत्नीला मागाहून सापडले. नऊ तुकडे, त्यांना नावे म्हणून ग्रीक मुळाक्षरे. त्यात बेस नाही आणि ड्रमही नाही. पण ऐकताना मला सारखे वाटे, की अमुक जागी तो थांबला तो कोणाची तरी वाट पाहूनच थांबला. माझी बोटे आपोआप गुडघ्यावर पडू लागत आणि मग थांबत. माझे काम नव्हते ते.

या दिवाळीच्या सुटीत मी मोबाइल घेऊन घरी गेलो. संध्याकाळी अण्णा ओसरीवर बसले होते. मी आधी काही सांगितले नाही, नुसता ‘गागारीन’ लावला. ते ऐकत राहिले. थोड्या वेळाने म्हणाले, “ह्याचा हात हलका आहे.” मग मी हकिकत सांगितली. स्कुल्तुना, दोन मुले, समुद्र. अण्णा काही बोलले नाहीत. मी ‘बॅलड फॉर ई’ लावला. तो संपल्यावर त्यांनी विचारले,

“अजून वाजवतो का तो?”

“वाजवतो,” मी म्हटले. “नवा त्रिकूट-वृंद आहे, ‘रीमडेन’. त्यांच्या भाषेत रीमडेन म्हणजे अंतराळ. पहिली तबकडी 2019 ची. बेसवाला जुनाच. पियानोवर नॉर्वेचा बुग्गे वेसेलटॉफ्ट. गेला तो ज्या वर्षी जन्मला, त्याच वर्षीचा हा.”

“म्हणजे नवा पेटीवाला.”

“हो.”

“कसं जमतं त्यांचं?”

मी म्हटले, ऐकूनच बघा. आणि ती तबकडी पहिल्यापासून लावली.